अपिलातला सातवा मुद्दा

माझ्या धाकट्या भावाचा पाय मी मोडला. तो कुंपणावरून पडला नाही. पोलिसांच्या जबाबात, दवाखान्याच्या कागदात, खालच्या कोर्टात आणि माझ्या अपिलात तो पडला असंच लिहिलेलं आहे. बदलापूरच्या मांजर्लीत नव्या इमारतींत राहायला आलेली माणसंसुद्धा आमच्या फाटकाकडे बोट दाखवून तेच सांगतात. म्हणून ते आधी खोडून टाकतो.

वडील गेल्यावर आमची वाटणी तोंडी झाली होती. नदीकडच्या अंगाला भावाचं घर आणि भाजीचे वाफे, रस्त्याकडच्या अंगाला माझी जमिनीची पट्टी. मी अंबरनाथच्या कारखान्यात फोरमन होतो, राहायला अंबरनाथ पूर्वेला. पट्टी नुसती पडून होती आणि भाऊ तिच्यावरून ये-जा करत होता. त्याबद्दल कधी कोणी काही बोललं नव्हतं. मग आजूबाजूला टॉवर उठायला लागले, आणि ज्या पट्टीवर मी वर्षानुवर्षं पाय ठेवला नव्हता ती मला एकदम माझी वाटू लागली. मी मोजणी मागवली. मोजणीदाराने चुन्याच्या खुणा केल्या आणि तो आपलं यंत्र घेऊन पलीकडच्या शेतात गेला. मी लगेच पहार घेऊन खांबांचे खड्डे खणायला लागलो. माझा मुलगा काटेरी तारेचं बंडल धरून उभा होता. तेव्हा तो नुकताच नोकरीला लागलेला होता.

भाऊ आला आणि पुढच्या खुणेवर पाय रोवून उभा राहिला.

"दादा, इथे खांब नको."

"पाय काढ."

"नाय काढत. पाणी चढलं का आम्ही निघायचं कुठून, ते सांग आधी."

"पोहत जा. लहानपणी माझ्या पुढे जायचास ना?"

तो हसला. खरोखर हसला, कारण ते खरं होतं, तो माझ्यापेक्षा चांगला पोहायचा. आणि हसता हसता म्हणाला, "तेव्हा पण तू रडायचास, दादा."

पहार खणायला उचलतात तशी मी उचलली नव्हती. आडवी उचलली आणि त्याच्या उजव्या नडगीवर घातली. ओलं लाकूड फुटावं तसा आवाज झाला. तो बसल्यासारखा खाली आला, ओरडलासुद्धा नाही, फक्त माझ्याकडे बघत राहिला. मग मी दुसरा घाव घातला. पहिला रागाचा होता असं म्हणता येईल, मी स्वतःशी तसं पुष्कळदा म्हटलं आहे. दुसरा जागा बघून घातला. जिथे पहिला लागला होता तिथेच. हाड कातडीतून बाहेर आलं ते दुसऱ्या घावाने.

मग मी पहार गवतात फेकली आणि मीच त्याला उचलून रिक्षात घातलं. उल्हासनगरच्या दवाखान्यापर्यंत त्याचं डोकं माझ्या मांडीवर होतं. हवालदार जबाब घ्यायला आला तेव्हा मी खाटेच्या पायथ्याशी उभा होतो, सदऱ्यावर त्याचं रक्त.

"कसं लागलं?" हवालदाराने विचारलं.

भावाचे दात एकमेकांवर वाजत होते. त्याने माझ्याकडे एकदा बघितलं. "कुंपणावरून पडलो," तो म्हणाला.

त्या दिवशी कुंपण नव्हतंच. दोन खड्डे होते आणि तारेचं न सोडलेलं बंडल. कुंपण मी नंतर घातलं, तो प्लास्टरमध्ये असताना. फाटकही तेव्हाच बसवलं.

तो खोटं का बोलला हे मला कोणी सांगायची गरज नव्हती. बदलापूर गावात आम्ही वाढलो त्या घरात एकच कायदा होता. एकदा मी गोफणीने शेजाऱ्याच्या म्हशीचा डोळा फोडला. विचारपूस झाली तेव्हा भावाने चारचौघांत सांगितलं, दादाने मारला दगड. वडिलांनी मला हात लावला नाही. त्याला घरी आणून बैलाच्या चाबकाने फोडला. पाठीची सालं निघाली. "मोठ्या भावाचं नाव बाहेर घेतोस?" प्रत्येक फटक्याला तेच वाक्य. मी दारात उभा राहून बघत होतो. वडील थांबले ते दमले म्हणून. त्या दिवसानंतर माझं नाव त्याने कधीच बाहेर घेतलं नाही, पाय मोडला तेव्हाही नाही.

पाय जुळला, पण वाकडा. तो काठी घेऊन चालू लागल्यावर त्याने दावा लावला, तोही फक्त रस्त्याचा. पायाबद्दल एक अक्षर नाही. खालच्या कोर्टाने त्याला रस्ता दिला: पट्टीच्या कडेने पूर्वीपासून वहिवाट आहे, फाटक उघडं ठेवा. वर हद्दीबद्दलही चार वाक्यं माझ्याविरुद्ध लिहिली. मी अपील केलं.

माझे वकील उल्हासनगरचे, सिंधी. फर्निचरच्या दुकानांवर त्यांचं ऑफिस, त्यामुळे कायद्याच्या पुस्तकांनाही पॉलिशचा वास. माणूस हुशार. अपिलाचे मुद्दे लिहिताना त्यांनी मध्येच पेन थांबवलं.

"काका, ये भाई गिरा कैसे? पोलिसांच्या कागदात लिहिलंय, पडला."

"कुंपणावरून," मी म्हणालो.

"अरे वा! मग हा तर आपला पॉइंट आहे. रस्ता असता तर माणूस कुंपणावर चढलाच कशाला असता?"

त्यांनी तो सातवा मुद्दा म्हणून लिहिला. वादी बेकायदा कुंपण ओलांडताना स्वतःच्या चुकीने पडला, यावरून तिथे रस्ता नव्हता हे सिद्ध होते. मी वाचून सही केली. माझ्या मार खाल्लेल्या भावाने मला वाचवायला जे खोटं सांगितलं होतं, तेच मी त्याच्याविरुद्ध वापरलं. मुद्दा पक्का वाटला मला, बरं वाटलं.

अपिलात आम्हाला स्थगिती मिळाली. फाटकाला कुलूप लागलं. चावी मुलाकडे, कारण तो तिथेच जवळ भाड्याने राहायला गेला होता. भाऊ आणि भावजय नदीच्या बाजूने, लांबच्या बांधावरून फिरून रस्त्याला यायची. उन्हाळ्यात ते जमायचं.

मग ते पुराचं वर्ष आलं. उल्हास नदी दुपारीच पात्राबाहेर आली. बांधाची वाट आधी बुडाली. मी अंबरनाथला टीव्हीवर पाणी बघत होतो. भावाचा फोन आला. तेवढ्या वर्षांत त्याने मला केलेला तो पहिला फोन.

"दादा, ओट्यावर पाणी आलंय. पोराला सांग कुलूप काढायला. बाकी मग कोर्टात बघू."

मी म्हणालो, "वकिलाला विचारून सांगतो."

मी वकिलाला फोन केला नाही. उत्तर मला पाठ होतं. एकदा फाटक उघडून दिलं की रस्ता कबूल केल्यासारखं होतं, ते त्यांनी मला पहिल्याच भेटीत समजावलं होतं. मी मुलाला फोन केला आणि सांगितलं, "उघडू नकोस. कोणी आलं तरी उघडू नकोस." मुलगा म्हणाला, "बाबा, पाणी लई आहे." मी म्हणालो, "मग तुझ्या काकाला पोहता येतं."

भाऊ कुंपणावर चढला, त्या दिवशी खरोखरच चढला. भावजयीने खालून रेटलं. वाकडा पाय तारेत अडकला आणि जुन्या जखमेच्या जागीच नडगी वरपासून खालपर्यंत फाटली. तसाच तो घाण पाण्यात पडला. पाय आठवड्यातच काळा पडला. डॉक्टरांनी गुडघ्याखाली कापला, मग वर कापला, पण विष अंगात गेलं होतं. मी बघायला गेलो तेव्हा खोलीच्या बाहेरपर्यंत वास येत होता. शुद्धीवर होता. डॉक्टर राउंडला आले आणि मी कोण विचारलं, तर तो म्हणाला, "माझा दादा." तेवढंच. दोन दिवसांनी गेला.

तिरडी त्याच फाटकातून निघाली. त्या दिवशी मुलाने कुलूप काढलं होतं. माणसं परतल्यावर परत लावलं.

यानंतरही अपील चालू राहिलं. हे वाचणाऱ्याला विचित्र वाटेल, पण कोर्टाच्या तारखांना आपली एक गती असते, माणूस मेला तरी वारसाचं नाव लागतं आणि फाइल पुढे सरकते. भावाच्या जागी भावजयीचं नाव लागलं. तिने वर वाटणीचा दावाही लावला. आमच्याकडे धाकट्याची बायको थोरल्या दिराशी समोरासमोर बोलत नाही. ती कोर्टाच्या बाकावर माझ्यापासून हाताच्या अंतरावर बसायची, पदर ओढून, आणि कधी एक शब्द बोलली नाही. पाऊस सुरू झाला की तेवढी ती दर तारखेला आपल्या वकिलाला एकच विचारायची, मला ऐकू जाईल असं: "फाटकाचं काय?"

अपील सुनावणीला आलं तेव्हा वकिलांनी मला आणि मुलाला ऑफिसात बोलावलं.

"काका, साफ सांगतो. हे अपील आपण हरणार. आणि हरलो की हद्दीचा निकाल पक्का होऊन वाटणीच्या दाव्यात आपल्याच गळ्यात पडणार. त्यापेक्षा मागे घेऊ. पण फुकट नाही घ्यायचं. कोर्टाकडून लिहून घेऊ, की अपिलातले सगळे मुद्दे वाटणीच्या दाव्यासाठी खुले ठेवले. स्थगिती जाईल, फाटक उघडावं लागेल, बस."

"आणि वाटणीचा दावा जिंकलो की?" मुलाने विचारलं.

"की फिर से बंद. आपली पट्टी, आपलं फाटक."

"चालेल," मुलगा म्हणाला. "चार पावसाळे उघडं राहील. काय वांदा नाही."

वकिलांनी मुद्दे वाचायला घेतले. हद्दीचे पहिले पाच. त्यांवर माझं काही म्हणणं नव्हतं. पट्टी माझी आहे असं मला आजही वाटतं आणि ते मांडण्याचा हक्क सोडायला मी तयार नव्हतो. सहावा वहिवाटीचा. मग सातवा. वादी स्वतःच्या चुकीने पडला.

"सातवा काढा," मी म्हणालो. "सहावाही काढा. रस्ता तिचा. फाटक परत बंद व्हायला नको."

वकिलांनी चष्मा काढला. "काका, सहावा समजू शकतो, दया आली. सातवा कशाला? तो तर मेलेल्या माणसाचा स्वतःचा जबाब आहे. एकदम सॉलिड."

"खोटा आहे."

"खोटा-खरा मी विचारलं का तुम्हाला?" ते हळू आवाजात म्हणाले, आणि उठून त्यांनी दार लावून घेतलं. "आज सातवा काढला तर समोरचा वकील काय म्हणेल? पडला नाही तर मोडला कोणी? तुम्ही अपील मागे घ्यायला चाललात का जेलमध्ये?"

मुलाने माझं मनगट धरलं आणि मला जिन्यावरून खाली आणलं. अंबरनाथच्या घरात शिरल्यावर आधी त्याने टीव्ही उचलून आपटला. मग कपाटाची काच. त्याची आई गेलेली, घरात आम्ही दोघंच. मी म्हणालो, "शांत हो." त्याने माझी गचांडी धरून मला भिंतीवर दाबलं.

"सातवा खोटा, तर मी कोण, बाबा? सांगा ना. मी कोण?" त्याची थुंकी माझ्या तोंडावर उडत होती. "काका तारेवर लटकत होता. माझ्या नावाने ओरडत होता. चावी माझ्या खिशात होती. तुम्ही फोनवर सांगितलं, उघडू नको. मी कमरेएवढ्या पाण्यात उभा राहून बघत होतो. रस्ता नाही, हा आपला पॉइंट होता म्हणून मी बघत होतो! आणि आता तुम्हाला तो नको झाला?"

मग त्याने मारलं. उघड्या हाताने नाही, मुठीने. दोनदा. खालचा दात ओठात घुसला. दुसऱ्यांदा मारताना तो रडत होता. मी हात वर केला नाही. मला वडिलांचा चाबूक दिसत होता, आणि मी पहिल्यांदाच बरोबर जागी उभा होतो. तो निघून गेला. त्यानंतर त्याने दार ठोठावलेलं नाही.

तारखेला मी सुजलेला ओठ घेऊन कल्याणच्या कोर्टात गेलो. वकिलांनी अर्ज आधीच टाइप करून आणला होता, सगळे मुद्दे खुले ठेवून. "इथे सही करा आणि आत काही बोलू नका," ते म्हणाले. मी पेन घेतलं आणि सहावा आणि सातवा आकडा आडव्या रेघेने खोडून मग सही केली. वकिलांनी कपाळाला हात लावला. "साई, तुम्ही मला मारणार."

जज मॅडमनी अर्ज वाचला. "हे दोन खोडलेत. वकीलसाहेब?"

वकील उठले. "मॅडम, माझ्या पक्षकाराचं वय झालंय. सगळे मुद्दे राखून अपील मागे—"

"नाही," मी म्हणालो आणि उभा राहिलो. वकिलांनी माझ्या पायावर बूट ठेवला, जोरात. "हद्दीचे तेवढे राखा. रस्ता मी कबूल करतो, तो मुद्दा परत काढणार नाही. सातवा खोटा आहे. तो पडला नव्हता. मी मारलं होतं."

बाकावर भावजयीचा पदर हलला, पण तिने मान वर केली नाही.

मॅडमनी माझ्या ओठाकडे बघितलं. "आजोबा, माझ्यासमोर फक्त अपील मागे घेण्याचा प्रश्न आहे. दुसरं जे तुम्ही म्हणताय ते कुठे जाऊन सांगायचं ते तुमच्या वकिलांना विचारा. इथे मी एवढंच लिहिते." आणि त्यांनी सांगून लिहून घेतलं: अपील मागे घेतलं म्हणून निकाली. हद्दीचे मुद्दे वाटणीच्या दाव्यात खुले. मुद्दा सहा आणि सात अपीलकर्त्याने सोडले, ते त्याला पुन्हा मांडता येणार नाहीत. स्थगिती रद्द.

मी पोलीस स्टेशनलाही गेलो. तिथल्या साहेबांनी मला चहा पाजला. जुना कागद काढायला सांगितलं, वाचला आणि म्हणाले, "मयताने स्वतः सांगितलंय पडलो. वकील घेऊन या, आजोबा, मग बघू." मी वकिलांना विचारलं. ते म्हणाले, दुसरा वकील बघा. बघतो आहे.

फाटक तसंच होतं. मुलाने त्या भांडणानंतर कुलपावरून जाड साखळी घालून तिला वेल्डिंग मारलं होतं. मी हातोडी घेऊन गेलो होतो, पण माझ्यात आता तेवढा जोर नाही. चार ठोके मारले आणि दम लागला. आवाज ऐकून भावजय घरातून आली. हातात पहार होती. ती मी ओळखली. मी गवतात फेकली होती ती तिने उचलून नेली असणार. टोक चकचकीत होतं, वाफे खणून झिजलेलं.

ती कुंपणाच्या पलीकडे उभी राहिली. मग इतक्या वर्षांत पहिल्यांदा माझ्याशी बोलली.

"त्यांनी मला शपथ घातली होती, तुमचं नाव घ्यायचं नाही म्हणून."

मी हातोडी खाली ठेवली.

"कोर्टात तुम्ही स्वतःच घेतलंत. आता माझी शपथ सुटली, भाऊजी." तिने पहार दोन्ही हातांनी धरली. "साखळी ताणून धरा. हलवू नका."

मी गजांमधून हात घालून साखळी धरली. तिने पहिला घाव घातला तो वेल्डिंगवर. माझ्या खांद्यापर्यंत झिणझिण्या गेल्या. दुसरा, तिसरा. भाजीवाल्या बाईचे हात, एकेक घाव बरोबर जागी. साखळीची कडी उघडली. मी हात सोडणार तेवढ्यात तिने आणखी एक घातला. तो माझ्या उजव्या हातावर बसला. दोन बोटं चेचली. तसाच आवाज झाला, ओल्या लाकडाचा.

मी खाली बसलो. तिने पहार खांबाला टेकवून ठेवली आणि फाटक आत ओढलं. गंजलेलं फाटक कुरकुरत पूर्ण उघडलं. मग तिने पदर फाडून माझा हात बांधला, घट्ट, अजिबात हळुवार नाही, आणि मला रिक्षात घालून बदलापूर गावातल्या डॉक्टरकडे नेलं.

डॉक्टर तरुण होता. बोटं बघून त्याने तोंड वाकडं केलं. "बाबा, कसं लागलं?"

मी तोंड उघडलं. घसरलो, हा शब्द अगदी ओठावर आला होता. आमच्या घरात तो शब्द तयारच असतो.

"मी मारलं," भावजय माझ्या मागून म्हणाली. "पहारीने. लिहा."

डॉक्टर हसला, त्याला चेष्टा वाटली. तिच्याकडे बघितल्यावर हसू गेलं. त्याने माझ्याकडे बघितलं.

"खरं आहे," मी म्हणालो. "लिहा."

त्याने लिहिलं.

बोटं आता वळत नाहीत, हे मी डाव्या हाताने लिहितो आहे, म्हणून वेळ लागला. वाटणीच्या दाव्याची तारीख पुढच्या महिन्यात आहे. तिचा वकील मला पिंजऱ्यात उभं करून पायाचं विचारणार आहे, तिने तसं कळवलं आहे. हद्दीवर मी भांडणार, हेही मी तिला कळवलं आहे.

यंदा पाणी चढलं तेव्हा मी मांजर्लीतच होतो, रस्त्यावर. बांध बुडाला, वाफे बुडाले, ओटा बुडाला. ती दोन शेळ्यांच्या दोऱ्या हातात घेऊन पट्टीच्या कडेने आली. फाटकाला तिने हात लावला नाही, लावायची गरज नव्हती. माझ्या अंगावरून गेली आणि वरच्या रस्त्याला लागली.